विज्ञानपट गाण्यात उतरतो तेव्हा : 'स्टार वन'चे तीन अल्बम

डच संगीतकार आर्यन अँथनी लुकासेन यांनी 'स्टार वन' या नावाखाली तीन अल्बम केले आहेत : 'स्पेस मेटल' (२००२), 'व्हिक्टिम्स ऑफ द मॉडर्न एज' (२०१०) आणि 'रेव्हल इन टाइम' (२०२२). या तिन्ही अल्बममधील जवळजवळ प्रत्येक गाणे एखाद्या विज्ञानपटावर, क्वचित दूरचित्रवाणी मालिकेवर, बेतलेले आहे. पहिल्यात अंतराळ आहे, दुसऱ्यात माणसाने स्वतःच्या हाताने बिघडवलेले भविष्य आहे आणि तिसऱ्यात कालप्रवास. प्रोग्रेसिव्ह मेटलमध्ये, म्हणजे जड गिटारीच्या आणि गुंतागुंतीच्या लयींच्या रॉकमध्ये, विज्ञानकथेचा वावर नवा नाही, मात्र इतक्या उघडपणे चित्रपटाशी बांधून घेतलेले आणि तीन अल्बमभर तडीस नेलेले दुसरे काम माझ्या ऐकण्यात नाही. म्हणूनच विज्ञानपट या संगीताला नेमके काय देतो, हे तपासण्यासाठी याहून चांगली जागा सापडणे कठीण आहे. तिन्ही अल्बम सलग ऐकल्यावर माझे मत असे झाले आहे की चित्रपटाची कथा उचलणारी गाणी इथे रंजक आहेत, पण चित्रपटाची घडण उचलणारी गाणी थोर आहेत, आणि हा फरक एकाच अल्बममध्ये शेजारी-शेजारी ऐकू येतो.

चित्रपट आणि हे संगीत यांचे नाते केवळ विषयाचे नाही, ते आवाजाचे आहे. १९५६ च्या 'फॉरबिडन प्लॅनेट'साठी लुई आणि बीबी बॅरन या दांपत्याने पूर्णपणे इलेक्ट्रॉनिक ध्वनींचे पार्श्वसंगीत रचले, तेव्हापासून परग्रह म्हटले की कानाला विद्युत-मंडलांतून निघालेला आवाज अपेक्षित असतो. सत्तरच्या दशकातील प्रोग्रेसिव्ह रॉकने मूग सिंथेसायझर आणि हॅमंड ऑर्गन ही वाद्ये आपलीशी केली आणि तिथून ती मेटलमध्ये आली. १९८४ च्या 'ड्यून'चे संगीत तर टोटो या रॉक बँडनेच दिले होते. त्याच वर्षीच्या 'द टर्मिनेटर'चे उदाहरण मला सर्वांत बोलके वाटते. ब्रॅड फीडेल यांनी त्याची मुख्य धून सिंथेसायझरवर बांधताना हाताने लावलेले आवर्तन नेमक्या मात्रेवर बंद झाले नाही, धून १३/१६ अशा तुटक मापात फिरू लागली, आणि ती ओढाताण त्यांना इतकी भावली की त्यांनी ती तशीच ठेवली. चार मात्रांच्या सरळ ठेक्यावर वाढलेल्या कानाला तेरा मात्रांचे चक्र सतत थोडे पुढे ढकलते, पाऊल टेकू देत नाही, आणि समोरचे हे यंत्र आपल्या श्वासाच्या लयीत चालत नाही हे कोणी न सांगता कळते. विषम मात्रांचा हाच उपयोग प्रोग्रेसिव्ह मेटल करते. तेव्हा या दोघांची भेट होणे अटळच होते.

'स्पेस मेटल'कडे याच कानाने पाहायला हवे. लुकासेन यांचा मोठा प्रकल्प 'एरियॉन' हा अनेक गायकांचा, लोकसंगीतापासून ऑपेरापर्यंत सगळे सामावणारा पसारा आहे. त्या तुलनेत 'स्टार वन' हे नेमके आणि जड काम आहे. मुख्य गायक चारच, वेगवेगळ्या मेटल बँडमधले : सिम्फनी एक्सचे रसेल ॲलन, थ्रेशोल्डमधून आलेले डेमियन विल्सन, तेव्हा आफ्टर फॉरएव्हरमध्ये गाणाऱ्या फ्लोर यान्सन आणि एज ऑफ सॅनिटीचे डॅन स्वानो. ड्रमवर एड वॉर्बी, जे तिन्ही अल्बममध्ये कायम आहेत. गिटारचा रिफ, म्हणजे पुन्हा पुन्हा वाजणारा छोटा तुकडा, आणि हॅमंडचा खरखरीत स्वर एकमेकांना चिकटून चालतात, इतके की पुष्कळदा कोणता आवाज तारेचा आणि कोणता पट्टीचा हे वेगळे काढता येत नाही. त्या भिंतीवरून मूगची एखादी ओळ घसरत वर जाते. जादा तबकडीवर हॉकविंड या ब्रिटिश बँडच्या गाण्यांची मालिकाही आहे, आणि ती तिथे का आहे हे मुख्य अल्बम ऐकल्यावर आपोआप कळते : एकच रिफ न थकता घोटत नेऊन त्यातून प्रवासाचा भास उभा करण्याची विद्या लुकासेन यांनी तिथूनच घेतली आहे.

या अल्बममधील एकाही गाण्याला मूळ चित्रपटाचे नाव दिलेले नाही. शीर्षके तिरक्या वाटेने चित्रपटाकडे नेतात. 'एलियन'वरच्या गाण्याचे नाव 'परफेक्ट सर्व्हायव्हर' असे आहे, आणि ज्यांनी १९७९ चा तो चित्रपट पाहिला आहे त्यांना ॲश या यंत्रमानवाचे ते भाषण लगेच आठवेल, ज्यात तो त्या प्राण्याची परिपूर्णता आणि तगून राहण्याची ताकद उघड कौतुकाने सांगतो. भीतीच्या चित्रपटावर गाणे करायचे तर सरळ वाट भीतीची आहे. शीर्षकाने मात्र कौतुकाची बाजू धरली आहे, आणि त्यामुळे गाण्याचा दमदार, जवळजवळ विजयी चालीचा रिफ विसंगत वाटत नाही. तो त्या प्राण्याचा रिफ आहे, त्याच्यापासून पळणाऱ्या माणसांचा नव्हे. 'हाय मून' हे गाणे 'आउटलँड'वर आहे. गुरूच्या आयो या चंद्रावरील खाणीत एकटा पडलेला पोलीस अधिकारी, अशी शॉन कॉनरी यांची भूमिका असलेला १९८१ चा हा चित्रपट 'हाय नून' या १९५२ च्या वेस्टर्नच्या सावलीत उभा आहे, आणि गाण्याचे शीर्षक ती वंशावळ एका फटक्यात सांगून टाकते. गाणेही तसेच आटोपशीर आहे.

'द एम्पायर स्ट्राइक्स बॅक'वरच्या 'मास्टर ऑफ डार्कनेस'मध्ये एकाहून अधिक गायक असण्याचा फायदा दिसतो, कारण प्रलोभन आणि नकार यांचा सामना एका गळ्यातून कधीच पुरता उभा राहत नाही. 'स्टारगेट'वरचे 'द आय ऑफ रा' आणि 'ड्यून'वरचे 'सँडरायडर' या दोन गाण्यांविषयी मात्र माझी तक्रार आहे. वाळवंट किंवा प्राचीन इजिप्त म्हटले की कोमल रिषभावरून शुद्ध गंधारावर उडी मारणारी सुरावट आणायची, ही हॉलिवूडची जुनी सवय आहे, आणि मेटलने ती चित्रपटांकडून जशीच्या तशी उचलली. भैरव किंवा बसंत मुखारी ऐकत आलेल्या श्रोत्याला हे सूर परके वाटत नाहीत. त्यामुळे ते केवळ 'पूर्वेचा' शिक्का म्हणून मारले गेले की त्यामागची घाई लगेच कळते. 'ड्यून'ची खरी ताकद त्याच्या दूरवर पसरलेल्या काळात आहे, एका माणसाला आपले भविष्य दिसते आणि ते टाळता येत नाही या कोंडीत आहे. 'सँडरायडर'मध्ये वाळूतला महाकाय किडा आणि त्यावरची स्वारी आहे, ती कोंडी नाही. गाणे जोरकस आहे, मंचावर ते नक्कीच रंगत असेल, पण त्याने चित्रपटाचा पोशाख तेवढा घेतला आहे.

याच्या अगदी उलट 'स्टारचाइल्ड'. '२००१ : अ स्पेस ओडिसी'वरचे हे अल्बममधील सर्वांत लांब गाणे आहे आणि माझ्या मते तिन्ही अल्बममधील सर्वांत समजूतदार कामांपैकी एक. १९६८ चा हा चित्रपट संगीताच्या दृष्टीने किती धाडसी होता, हे आठवायला हवे : स्टॅन्ली कुब्रिक यांनी ॲलेक्स नॉर्थ यांच्याकडून करून घेतलेले खास पार्श्वसंगीत बाजूला ठेवले आणि रिखार्ड स्ट्राउस, योहान स्ट्राउस व लिगेती यांच्या आधीपासून अस्तित्वात असलेल्या रचना वापरल्या. चित्रपटाच्या सुरुवातीची वीसहून अधिक मिनिटे एकही संवाद नाही. प्रेक्षकाला घाईतून बाहेर काढणे हीच त्याची पद्धत आहे. 'स्टारचाइल्ड'ने कथेचे टप्पे मोजत बसण्याऐवजी ही पद्धत घेतली. लय विलंबित आहे, रिफ पाय ओढत चालतो, सुरांची संख्या कमी आहे आणि प्रत्येक सुराला विरायला जागा दिली आहे. गायक एकामागून एक येतात तेव्हा ते पात्रे म्हणून येत नाहीत, एकाच विस्मयाच्या चढत्या पायऱ्या म्हणून येतात. ज्या संगीतप्रकारावर बोटांची चपळाई दाखवण्याचा आरोप सतत होतो, त्यातल्या संगीतकाराने इथे हात आखडता घेतला आहे, आणि गाण्याला भव्यता त्यामुळेच आली आहे.

'व्हिक्टिम्स ऑफ द मॉडर्न एज'मध्ये तेच चार मुख्य गायक परत येतात, पण हवा बदललेली आहे. गिटार खालच्या पट्टीत उतरल्या आहेत, कीबोर्ड मागे सरकले आहेत, आणि सगळ्यावर एक काजळी आहे. 'द मेट्रिक्स'वरचे 'डिजिटल रेन', 'प्लॅनेट ऑफ द एप्स'वरचे 'ह्युमन सी, ह्युमन डू', 'एस्केप फ्रॉम न्यू यॉर्क'वरचे '२४ अवर्स', 'ट्वेल्व्ह मंकीज'वरचे 'कसांड्रा कॉम्प्लेक्स', 'चिल्ड्रेन ऑफ मेन'वरचे 'इट्स अलाइव्ह, शीज अलाइव्ह, वुई आर अलाइव्ह' अशी ही यादी आहे. तिन्हींमध्ये हा अल्बम सर्वांत एकजिनसी आहे, आणि तीच त्याची मर्यादाही आहे. जॉन कार्पेंटर यांच्या 'एस्केप फ्रॉम न्यू यॉर्क'चे जग आणि 'चिल्ड्रेन ऑफ मेन'चे जग ही दोन्ही उद्ध्वस्त खरी, पण एकात थंड, कोरडी बेफिकिरी आहे, तर दुसऱ्यात मूल जन्मणेच थांबलेल्या समाजाची हताशा आहे, जिच्यात एका तान्ह्या बाळाच्या रडण्याने गोळीबार थांबतो. दोन्हींना जवळपास एकाच जाडीचा रिफ दिला की हा फरक पुसट होतो. कार्पेंटर यांचे स्वतःचे सिंथेसायझरचे पार्श्वसंगीत किती कमी सुरांत किती धमकी उभी करते, ते पाहता इथे अधिक काटकसर शक्य होती.

या अल्बमचा शेवट मात्र तोलाचा आहे. 'इट ऑल एंड्स हिअर' हे 'ब्लेड रनर'वरचे गाणे अल्बममधील सर्वांत लांब आहे आणि त्याच्यासमोरचे आव्हानही सर्वांत मोठे होते. १९८२ च्या त्या चित्रपटाला व्हँगेलिस यांनी यामाहा सीएस-८० या सिंथेसायझरवर असा आवाज दिला की आजही पावसातले शहर आणि निऑनचे दिवे दाखवायचे असतील तर संगीतकार त्याच आवाजाकडे वळतात. लुकासेन यांनी त्याची नक्कल केलेली नाही. त्यांनी वजन घेतले आहे. आयुष्याची मुदत ठरवून जन्माला घातलेल्या जीवाची ती चार वर्षे गाण्याच्या जड, मोजून पावले टाकणाऱ्या लयीत जाणवतात. त्या चित्रपटातील नट रुटगर हाउअर यांनी आपले पावसातले अखेरचे स्वगत स्वतः काटछाट करून इतके आखूड केले होते की त्यातील प्रत्येक शब्द टिकला, तसा संयम हे गाणे शेवटपर्यंत राखत नाही. तरीही रसेल ॲलन यांच्या आवाजातला राग आणि फ्लोर यान्सन यांच्या आवाजातली उंची एकत्र येते तेव्हा मरण नाकारणाऱ्याची तगमग खरी वाटते.

'रेव्हल इन टाइम' बारा वर्षांनी आला आणि त्याची रचना वेगळी आहे. ठरावीक चौकडीऐवजी गाण्यागणिक गायक बदलतो, आणि पाहुण्या गिटारवादकांची रांगही लांब आहे. शिवाय दुसऱ्या तबकडीवर तीच गाणी वेगळ्या गायकांकडून गाऊन घेतली आहेत. कालप्रवासावरच्या अल्बमला शोभणारी ही योजना आहे, कारण तीच घटना दुसऱ्या कुणाच्या वाट्याला आली असती तर काय झाले असते, हा प्रश्न कालप्रवासाच्या प्रत्येक चित्रपटाच्या मुळाशी असतो, आणि इथे तो कानांनी तपासता येतो. मी दोन्ही तबकड्या सलग ऐकण्याचा सल्ला देणार नाही. एकेका गाण्याच्या दोन आवृत्त्या पाठोपाठ ऐकाव्यात, म्हणजे शब्द आणि चाल तीच असताना गायकाच्या स्वभावाने पात्राचा स्वभाव कसा पालटतो ते लक्षात येते.

सुरुवात 'द टर्मिनेटर'वरच्या 'फेट ऑफ मॅन'ने होते. अनलीश द आर्चर्सच्या ब्रिटनी स्लेज यांचा चढा, धारदार आवाज आणि सिम्फनी एक्सचे मायकेल रोमिओ यांची गिटार, असा हा सुसाट आरंभ आहे. पाठलागाचा वेग त्यात पुरेपूर आहे, पण फीडेल यांच्या त्या लंगडणाऱ्या तेरा मात्रांची भीती नाही, आणि मला तिची उणीव जाणवते. 'डॉनी डार्को'वरचे '२८ डेज' हे त्याच्या लगेच पुढचे गाणे संथ आणि काळवंडलेले आहे. जगाच्या अंताला अठ्ठावीस दिवस, सहा तास, बेचाळीस मिनिटे आणि बारा सेकंद उरले आहेत हे कळलेल्या मुलाची झोपेतल्यासारखी चाल त्याला लाभली आहे. 'बॅक टू द फ्यूचर'वरचे 'बॅक फ्रॉम द पास्ट' प्रसन्न आहे. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात, डिसेंबर १९४१ मध्ये, जाऊन पोहोचलेल्या विमानवाहू युद्धनौकेच्या चित्रपटावरचे 'द इयर ऑफ फॉर्टी-वन' चटकन ओठांवर बसते. या दोहोंविषयी याहून अधिक सांगण्यासारखे नाही.

अल्बमचे हृदय आहे 'प्रेशियंट'. त्यामागचा चित्रपट 'प्रायमर', शेन कॅरुथ यांनी सुमारे सात हजार डॉलरमध्ये केलेला, २००४ चा. दोन तरुण अभियंते चुकून कालप्रवासाचे यंत्र बनवतात, मग काही तास मागे जातात, मग पुन्हा, आणि बघता बघता एकाच वेळी एकाच शहरात त्यांच्या अनेक प्रती फिरू लागतात. चित्रपट हे समजावून सांगत नाही, प्रेक्षकाला त्या गुंत्यात सोडून देतो. अशा चित्रपटाची कथा गाण्यात सांगणे अशक्य आहे, आणि लुकासेन यांनी तो प्रयत्न केलाच नाही हे त्यांचे शहाणपण. हेकनचे रॉस जेनिंग्ज आणि टोहायडरचे माइक मिल्स असे दोन गायक त्यांनी घेतले, दोन मित्रांसाठी दोन गळे, आणि त्यांच्या ओळी एकमेकींवर चढवल्या. एकाची ओळ संपण्याआधी दुसऱ्याची सुरू होते, एकाचा शब्द दुसऱ्याच्या शब्दाच्या सावलीसारखा मागून येतो, आणि काही क्षण असे येतात की आधी कोण होता आणि मागून कोण आला हे कानाला सांगता येत नाही. सत्तरच्या दशकात जेंटल जायंट हा ब्रिटिश बँड अनेक आवाजांच्या अशा विणकामासाठी ओळखला जाई. ती जुनी कारागिरी इथे निव्वळ कौशल्य म्हणून येत नाही, ती चित्रपटाचा आशयच होऊन येते. चित्रपट पाहताना डोक्याला येते तीच घेरी गाणे ऐकताना कानाला येते. विज्ञानपटाने संगीताला प्रेरणा देणे म्हणजे काय, हे कोणी विचारले तर मी हेच गाणे पुढे करीन.

कालचक्रात अडकण्याच्या चित्रपटांवर इथे दोन गाणी आहेत. 'टुडे इज यस्टरडे' हे 'ग्राउंडहॉग डे'वर, आणि 'अ हँड ऑन द क्लॉक' हे 'सोर्स कोड'वर. पहिल्या चित्रपटात यंत्र नाही की विज्ञान नाही, तरीही त्याला इथे जागा देणे योग्यच आहे, कारण पुनरावृत्तीचा अर्थ त्याच्याइतका खोल फार थोड्या विज्ञानपटांनी शोधला आहे. आणि पुनरावृत्ती हा गाण्याचा तर मूळ धर्म आहे. कडवे संपले की ध्रुवपद परत येते, शब्द तेच असतात, पण मधल्या कडव्यामुळे ऐकणारा बदललेला असतो. 'सोर्स कोड'मधला सैनिक त्याच आगगाडीत, त्याच आठ मिनिटांत पुन्हा पुन्हा जागा होतो आणि दर वेळी थोडे अधिक जाणतो. फ्लोर यान्सन यांनी हे ओळखून गायले आहे असे मला वाटते. त्यांच्या गळ्यातून ध्रुवपद परत येते तेव्हा त्यात नुसती ताकद वाढत नाही, निर्धार वाढतो. 'टुडे इज यस्टरडे' त्या मानाने सरळ आहे. ध्रुवपद येते आणि जाते, त्याला काही घडत नाही.

शेवटच्या भागात अल्बम बाप आणि लेकरांकडे वळतो. 'फ्रीक्वेन्सी'वरचे 'ब्रिज ऑफ लाइफ' डेमियन विल्सन यांनी गायले आहे : हौशी रेडिओवरून तीस वर्षांपूर्वीच्या, आता हयात नसलेल्या वडिलांशी बोलणारा मुलगा. विल्सन यांच्या आवाजात एक निरागस स्वच्छपणा आहे आणि तो या विषयाला लागू पडतो. 'इंटरस्टेलर'वरचे 'लॉस्ट चिल्ड्रेन ऑफ द युनिव्हर्स' अल्बमचा समारोप करते. गायक रॉय खान, गिटारवर स्टीव्ह वाय. चित्रपटात पाण्याच्या ग्रहावरचा एक तास म्हणजे पृथ्वीवरची सात वर्षे, आणि यानावर परतलेला बाप तेवीस वर्षांचे साठलेले संदेश एकापाठोपाठ एक पाहत बसतो, ज्यात त्याची मुले त्याच्या डोळ्यांसमोर मोठी होत जातात. हान्स झिमर यांनी त्या चित्रपटाला चर्चच्या पाइप ऑर्गनचा भव्य नाद दिला होता. गाणे त्याच्याशी स्पर्धा करत नाही. रॉय खान बहुतेक वेळ दबक्या, जवळून बोलल्यासारख्या स्वरात गातात, त्यामुळे बँड पूर्ण जोरात येतो तेव्हा एका माणसाचा आवाज आणि विश्वाचा आकार यांतले अंतर ऐकू येते. वाय यांचा एकल तुकडाही या अंतराचाच भाग आहे : सूर ताणले जातात, हेलकावतात, जणू पलीकडच्या टोकाला ते पोहोचेपर्यंत वेळ वाकला आहे.

तिन्ही अल्बमविषयी एक मोठी तक्रार उरते, ती शांततेची. अंतराळात आवाज वाहून नेणारे काही नाही, आणि चांगल्या विज्ञानपटांनी ही गोष्ट भीतीसाठी, एकटेपणासाठी, विस्मयासाठी वापरली आहे. '२००१'मध्ये यानाबाहेर गेलेल्या माणसाच्या श्वासाखेरीज काहीच ऐकू येत नाही, असे लांबलचक क्षण आहेत. 'स्टार वन'ला हे जमत नाही, किंवा ते करायचे धैर्य होत नाही. रिफ थांबला की कीबोर्ड येतो, कीबोर्ड ओसरला की समूहस्वर, आणि ध्वनिमुद्रण इतके भरगच्च आहे की सलग ऐकताना कान थकतात. मेटलला शांतता वर्ज्य नाही. लुकासेन यांच्याच 'एरियॉन'मध्ये बासरी आणि साध्या गिटारीवर तोललेल्या जागा आहेत, त्यामुळे ही उणीव अधिक खटकते.

ज्यांना या संगीताची सवय नाही त्यांनी 'रेव्हल इन टाइम'पासून सुरुवात करावी, आणि त्यातही आधी 'अ हँड ऑन द क्लॉक' ऐकावे, कारण त्याची चाल पहिल्याच खेपेला धरून ठेवते. 'प्रेशियंट' मात्र 'प्रायमर' पाहिल्यानंतरच ऐकावे. मेटल मुरलेल्या श्रोत्याने 'स्पेस मेटल' घ्यावा, जादा तबकडीसह. 'व्हिक्टिम्स ऑफ द मॉडर्न एज' तिसऱ्या क्रमांकावर ठेवीन, तरी त्याचीही जादा तबकडी मिळत असेल तर सोडू नये : 'द रोड'वरचे 'ॲज द क्रो डाइज' आणि 'गॅटॅका'वरचे 'क्लोजर टू द स्टार्स' ही गाणी मुख्य अल्बमच्या काजळीत एक फट पाडतात, आणि ती मुख्य यादीत का घेतली गेली नाहीत हे मला अजून उमगलेले नाही.